विजय गोदाम सोडून गेला, हमाल तिथंच राहिले

(सलीम-जावेद यांच्या पटकथांबद्दल)



मागच्या महिन्यात आपल्या अभ्यासवर्गात संघटनेवर बोलणं चाललं होतं. वर्गणी, सभासद, बैठका. मागं बसलेलं एक पोरगं उठलं आणि म्हणालं, “दादा, ह्या बैठकांनी काय होत नाय. आपल्याला एक विजय पाहिजे. ‘दीवार’मधला. गोदामाला आतनं कुलूप लावलं की खेळ खलास.” सगळे हसले. मीही हसलो. पण घरी आल्यावर ते बोलणं डोक्यातनं जाईना. चारपाच वर्षांपूर्वी मीसुद्धा हेच बोलायचो. माझ्या पहिल्या दहा कवितांपैकी आठांत असाच एक एकटा माणूस होता. हात खिशात, डोळ्यांत आग, बाजूला कोणी नाही.

हा लेख त्या पोराला उत्तर आहे आणि माझ्या त्या आठ कवितांनाही. मी समीक्षक नाही. शाळा नववीला सुटली. जे वाचलं ते पाळी सुटल्यावर वाचलं. पण आपल्या वस्तीत सिनेमा पुस्तकाच्या आधी पोचतो. आपली पोरं ज्याच्याकडनं उभं राहायला आणि बोलायला शिकतात, त्याची झाडाझडती आपणच घ्यायची. पांढरपेशा समीक्षक ती आपल्यासाठी घेणार नाही.

विजय आभाळातनं पडला नाही. अमिताभ बच्चननं त्याला अंग आणि आवाज दिला. पण त्याला जन्माला घातलं दोन लेखकांनी. सलीम खान आणि जावेद अख्तर.

सलीम खान इंदूरचे, जन्म १९३५. वडील पोलीस खात्यात मोठे अधिकारी. सलीम नट व्हायला मुंबईत आले आणि बारीकसारीक कामं करत राहिले. ‘तीसरी मंझिल’मध्ये (१९६६) ते दिसतात. जावेद अख्तर ग्वाल्हेरचे, जन्म १९४५. वडील जाँनिसार अख्तर हे उर्दूतले नावाजलेले पुरोगामी कवी. जावेद ऑक्टोबर १९६४ मध्ये मुंबईत आले. राहायला जागा नव्हती म्हणून स्टुडिओत रात्री काढल्या. ‘सरहदी लुटेरा’ नावाच्या एका चित्रपटात सलीम नट होते आणि जावेद क्लॅप द्यायचे. तिथं दोघांची गाठ पडली. पुढं सिप्पींच्या कंपनीत दोघं महिना पगारावर लागले. ‘अंदाज’ (१९७१), ‘सीता और गीता’ (१९७२) ही तिथली कामं.

त्या काळी सिनेमाच्या धंद्यात लेखकाला मुन्शी म्हणायचे. मुन्शीनं यायचं, सांगतील ते लिहायचं, देतील ते घ्यायचं. पोस्टरवर नटाचं नाव मोठं, दिग्दर्शकाचं आणि निर्मात्याचं त्याखाली. लेखकाचं नाव नाही. १९७३ साली ‘जंजीर’ लागला. ह्या दोघांनी काय केलं? एक रंगारी धरला, आपल्या नावाचा साचा करवून घेतला, आणि मुंबईच्या भिंतींवर लागलेल्या पोस्टरांवर ‘लेखक सलीम-जावेद’ असं रंगवून घेतलं. ही गोष्ट ते स्वतः हसत हसत सांगत आलेत. त्यानंतर लेखकाचं नाव पोस्टरवर यायला लागलं. पैसाही त्यांनी नटाच्या बरोबरीनं मागितला आणि घेतला.

मला ही गोष्ट त्यांच्या कुठल्याही सिनेमापेक्षा जास्त आवडते. मी रोज आठ तास सूत काढतो. त्या सुताचं कापड कोणाच्या अंगावर जातं मला माहीत नाही, आणि घालणाऱ्याला माझा पत्ता नाही. ज्यानं काम केलं त्याचं नाव कामावर असावं आणि त्याचा दाम त्यानं ठरवावा, ही मागणी कामगाराची मागणी आहे. सलीम-जावेदनी ती भिंतीवर रंगवली. हे लक्षात ठेवा, कारण शेवटी मी इथंच परत येणार आहे.

आता काळ बघा. १९७२ साली दलित पँथर उभी राहिली. तेव्हाच महाराष्ट्रात दुष्काळ होता, माणसं खडी फोडायला रस्त्यावर होती. १९७४ च्या जानेवारीत वरळीची दंगल झाली. बीडीडी चाळीत पोलीस घुसले, आणि पुढं मोर्च्यावर वरनं टाकलेल्या दगडानं भागवत जाधव गेले. त्याच साली मे महिन्यात रेल्वे कामगारांनी देशभर संप केला आणि सरकारनं तो चिरडला. जून १९७५ मध्ये आणीबाणी आली. ह्याच दिवसांत ‘दीवार’ लागला, २४ जानेवारी १९७५ ला. ‘शोले’ लागला १५ ऑगस्ट १९७५ ला. रस्त्यावर राग होता आणि तो हजारोंचा होता. इतर सिनेमावाले तेव्हाही बागेत गाणी म्हणत होते. ह्या दोघांनी तो राग ओळखला. ही त्यांची मोठी गोष्ट आणि ती मान्य केली पाहिजे. पण ओळखून त्यांनी तो हजारोंचा राग एका उंच माणसात भरला. माझं भांडण तिथं आहे.

‘दीवार’ हे त्यांचं सगळ्यात बांधेसूद काम. कथा, पटकथा, संवाद तिन्हींना फिल्मफेअर बक्षीस मिळालं. म्हणून तोच नीट उलगडून बघू. त्यातल्या तीन जागा मी घेतो.

पहिली जागा, हातावरचं गोंदण. आनंदबाबू हा खाणकामगारांचा पुढारी. मालक त्याच्या बायकापोरांना धरून ठेवतो आणि कामगारांच्या विरुद्ध करारावर त्याची सही घेतो. कामगार त्याला फितूर म्हणतात. तो घर सोडून परागंदा होतो. मग काही माणसं लहान विजयला पकडतात आणि त्याच्या हातावर गोंदतात की ह्याचा बाप चोर आहे.

हे पहिल्यांदा बघितलं तेव्हा मी मोबाईल उपडा ठेवला आणि बाहेर जाऊन बसलो. जात म्हणजे दुसरं काय असतं? पोरानं काही केलेलं नाही. चार लोक मिळून त्याच्या अंगावर शब्द लिहितात आणि तो धुऊन जात नाही. मोठा झाला, नोकरीला लागला, चांगला शर्ट घातला, तरी बाहीखाली तो असतोच. वर्गात हजेरी घेताना मास्तर आपल्या आडनावापाशी जरासा थांबतो ना, तेव्हा ती बाही वर सरकलेली असते. भाड्यानं खोली बघायला गेल्यावर मालकीण ‘पूर्ण नाव काय?’ विचारते, तेव्हाही.

हिंदी धंदेवाईक सिनेमा जातीच्या डागाच्या इतका जवळ क्वचितच आलाय. पण जवळ येऊन वळून गेला. ‘दीवार’मधला विजय वर्मा आहे. ‘जंजीर’मधला खन्ना. ‘काला पत्थर’मधला पालसिंग. नाव दर वेळी विजय, आणि जात वरची नाहीतर कोणी न विचारलेली. दुःख आमच्या मापाचं कापलं आणि दुसऱ्याच्या अंगावर चढवलं. त्यात आणखी एक फरक आहे. विजयचा डाग एका प्रसंगाचा आहे. एका सहीमुळं लागला. ती सही जबरदस्तीनं झाली हे कळलं असतं तर डाग पुसला गेला असता. आमच्या डागाला प्रसंग नाही. तो जन्माबरोबर येतो आणि त्याच्यामागं धर्मग्रंथ उभे आहेत. तो एका माणसाच्या सूडानं पुसत नाही. कोणाकोणाला मारणार?

दुसरी जागा, गोदी. विजय हमाल आहे. बिल्ल्याचा नंबर ७८६. रहीमचाचा त्याला त्या आकड्याचं महत्त्व सांगतात. पीटरची माणसं हमालांकडनं हप्ता घेतात. एक नवा हमाल नाही म्हणतो आणि त्याचा जीव जातो. मग विजय नाही म्हणतो. पीटरची माणसं त्याला शोधत फिरतात आणि हा त्यांच्याच गोदामात जाऊन बसलेला. आतनं कुलूप लावतो, सगळ्यांना झोडपतो, बाहेर येतो. बाहेर हमाल उभे असतात. अंगावर काटा येतो. मला आजही येतो.

बरं, पुढं? पुढं डावर नावाचा मोठा स्मगलर विजयला बोलावतो. हाच विजय लहानपणी बूट पॉलिश करायचा आणि फेकलेले पैसे उचलायचा नाही, हे डावरला आठवतं. विजय त्याच्याकडं जातो. गाडी, बंगला, सोनं. आणि गोदीतले हमाल? पुढच्या पगाराला हप्ता घ्यायला कोण आलं? मेलेल्या पोराच्या घरी कोणी गेलं का? पटकथा सांगत नाही. हमालांचं काम एवढंच होतं की विजय बाहेर आल्यावर तिथं उभं असणं.

खऱ्या मुंबईच्या गोदीत संघटना होत्या. रोजंदारीवरच्या गोदी कामगाराला नेमानं काम मिळावं म्हणून १९४८ साली कायदा झाला. तो कोणी गोदामाला कुलूप लावून मिळवलेला नाही. ‘दीवार’च्या गोदीत संघटनेचा एक फलकसुद्धा दिसत नाही. कारण संघटना पहिल्याच रिळात मारून टाकली आहे. आनंदबाबू हाच कामगारांचा पुढारी होता. त्याला घाबरवलं, त्यानं सही केली, तो रेल्वेच्या डब्यांत भटकत राहिला आणि तिथंच मेला. आता उरले दोन रस्ते आणि दोन भाऊ. विजय स्मगलर, रवी इन्स्पेक्टर. तिसरा रस्ता बापाचा होता, तो बंद.

इथं सलीम-जावेदची खरी करामत आहे, आणि खरी चलाखीही. तीन तास आपण विजय की रवी, विजय की रवी करत बसतो. बापाच्या रस्त्यावर दुसऱ्या कोणी का पाऊल टाकलं नाही, हे विचारायचं आपल्या डोक्यातच येत नाही. आणि कायदा म्हणजे काय? रवीच्या हातातलं पिस्तूल. रवी पळणाऱ्या एका पोरावर गोळी झाडतो, आणि नंतर कळतं त्यानं पाव चोरला होता. मग त्या पोराचा मास्तर बाप रवीला समजावतो की गुन्हा तो गुन्हा. ज्या देशाला बाबासाहेबांनी राज्यघटना दिली, तिथं कायदा एवढाच? उपाशी पोराला गोळी आणि त्याच्या बापाकडनं पावती?

तिसरी जागा, देवळाच्या पायऱ्या. विजय देवळात जात नाही. आई आणि रवी आत जातात, हा बाहेर पायरीवर बसतो. देवावर रागावलेला आहे. ह्या दृश्याला लोक टाळ्या देतात. मी मात्र वेगळ्या पायऱ्यांचा विचार करत होतो. २ मार्च १९३० ला नाशिकला काळाराम मंदिराचा सत्याग्रह सुरू झाला. आपली माणसं पाच वर्षं त्या दारापुढं लढली. दगड खाल्ले, लाठ्या खाल्ल्या. ती रुसून बाहेर बसली नव्हती. दार बंद होतं. विजयला दार उघडं आहे, त्याचा बाहेर बसण्याचा हक्कसुद्धा आत जाण्याच्या हक्कातनं आलाय.

आणि शेवट बघा. गोळी लागलेला विजय कुठं जातो? देवळात. आईच्या मांडीवर मरतो. सगळं बंड, सगळा राग, शेवटी मूर्तीसमोर आणून ठेवला. बाबासाहेबांनी काय केलं? १३ ऑक्टोबर १९३५ ला येवल्याला सांगितलं की हिंदू म्हणून मरणार नाही. आणि १४ ऑक्टोबर १९५६ ला नागपूरला लाखो माणसं बरोबर घेऊन वेगळ्या वाटेनं गेले. विजय देवळाकडं परत येतो. आपण पाठ फिरवून निघालो. त्या पोरानं अभ्यासवर्गात विजय मागितला तेव्हा हा शेवटचा विजय त्याच्या डोळ्यापुढं नसणार. पण अर्धा विजय मिळत नाही. पटकथा पूर्ण घ्यावी लागते.

आता बाकीची कामं. ‘शोले’ला २०२५ साली पन्नास वर्षं झाली. रामगढ हे गाव आपल्या सगळ्यांना पाठ आहे. ठाकूरची हवेली आहे, मशीद आहे, इमामसाहेब आहेत, टांगेवाली आहे, मावशी आहे. ह्या गावाचा महारवाडा कुठं आहे? चांभारवाडा? गावातलं मेलेलं ढोर कोण ओढतं? भारतातलं असं गाव मी तरी बघितलेलं नाही. संकट गावाच्या बाहेरनं, डोंगरातनं घोड्यावर बसून येतं, आणि गाव ठाकूरच्या मागं एक होतं. बाबासाहेबांनी ४ नोव्हेंबर १९४८ ला घटना समितीत खेड्याचं हे गोड चित्र फाडून टाकलं होतं. १९७७ साली, ‘शोले’नंतर दोनच वर्षांनी, बिहारमधल्या बेलछी गावात दलितांना मारून आगीत टाकलं. मारणारे डोंगरातनं आले नव्हते. आपल्या लोकांचा गब्बर बऱ्याचदा हवेलीतच राहतो आणि पोलीस पाटील त्याच्या ओसरीवर चहा पितो.

‘त्रिशूल’ (१९७८). विजय बिल्डर बापावर सूड घेतो. त्याची आई मजुरी करून त्याला वाढवते, सुरुंगाच्या धुरात तो मोठा होतो, हे सगळं चांगलं आहे. पण त्याची पहिली कमाई कशी होते? एक जमीन तो घेतो, तिच्यावर गुंड बसलेले आहेत. त्यांना मारून हाकलतो आणि जमीन मोकळी करतो. आपण टाळ्या वाजवतो. अरे, पण बिल्डर जमीन मोकळी करतो म्हणजे काय, हे आपल्यापेक्षा जास्त कोणाला माहीत आहे? पटकथेनं त्या जमिनीवर फक्त गुंड ठेवले. चुली ठेवल्या नाहीत, पाळणे ठेवले नाहीत. झोपडीतल्या प्रेक्षकाला बिल्डरच्या बाजूनं टाळ्या वाजवायला लावणं सोपं काम नाही. त्यांनी ते केलं. आणि त्याच १९७८ साली जुलैत मराठवाड्यात विद्यापीठाला बाबासाहेबांचं नाव द्यायच्या ठरावावरनं आपली घरं जळाली. ते नाव यायला १४ जानेवारी १९९४ उजाडावं लागलं. पोस्टरवर नाव यायला एक रंगारी आणि एक रात्र पुरली होती. आमच्या नावाला सोळा वर्षं आणि किती जीव.

‘काला पत्थर’ (१९७९) मला त्यातल्या त्यात आपला वाटतो. २७ डिसेंबर १९७५ ला धनबादजवळ चासनाला खाणीत पाणी घुसलं आणि ३७५ कामगार मेले. त्यावरनं हा चित्रपट सुचलेला. मालकाला धोका माहीत असतो, तरी तो माणसं खाली पाठवतो, हे स्पष्ट दाखवलंय. पण इथंही मध्यभागी कोण? जहाजाचा पूर्वीचा कप्तान, जो स्वतःच्या पापाचं प्रायश्चित्त घ्यायला खाणीत उतरलाय. एक इंजिनियर. एक पळालेला कैदी. जे बापजाद्यांपासून खाणीत आहेत ते पाण्यात ओरडायला आणि वाचवून घ्यायला. डिसेंबर १९४३ मध्ये बाबासाहेब व्हाइसरॉयच्या मंडळात मजूर खात्याचे सदस्य असताना ह्याच धनबादच्या खाणीत खाली उतरले होते. कामगार कुठं राहतो, काय खातो ते बघितलं. पुढच्याच साली कोळसा खाण कामगारांसाठी कल्याण निधीचा वटहुकूम निघाला. खाणीत उतरलेल्या माणसाची अशीही गोष्ट असते. तिच्यात मारामारी नाही म्हणून तिच्यावर पिक्चर निघत नाही.

१९८२ साली ‘शक्ती’ लागला. ह्याच सुमाराला सलीम आणि जावेद वेगळे झाले. पुढं सलीमनी ‘नाम’ (१९८६) लिहिला, जावेदनी ‘अर्जुन’ (१९८५). ‘अर्जुन’चा नायक मुंबईतला बेकार मराठी पोरगा, आडनाव मालवणकर. पुढारी ह्या पोरांचा राग वापरतो आणि काम झालं की फेकून देतो. आपल्या चळवळीतल्या पोरांनी हा एकदा जरूर बघावा, आपलीच गोष्ट आहे. दोघांचा एकत्र लिहिलेला ‘मिस्टर इंडिया’ १९८७ साली आला तेव्हा जोडी केव्हाच फुटलेली होती.

१९८२ ची मला वेगळ्या कारणानं आठवण ठेवावी लागते. १८ जानेवारी १९८२ ला मुंबईच्या गिरण्यांचा संप सुरू झाला. अडीच लाखांच्या आसपास कामगार बाहेर पडले. त्यात माझा आजा होता. तोही रिंग खात्यातलाच. विणकामाच्या खात्यात पूर्वी आपल्या माणसाला घेत नसत, कारण धोट्यातला दोरा तोंडानं ओढावा लागायचा आणि आपल्या तोंडाचा दोरा सवर्ण कामगाराला चालत नव्हता. बाबासाहेबांनी हे भांडण १९२८-२९ च्या संपात कम्युनिस्टांपुढं मांडलं होतं. आजानं ‘दीवार’ थेटरात तीनदा बघितला होता. संप फसल्यावर ट्रंक घेऊन तो गावाला आला. ट्रंकेत गिरणीचा पास आणि बाबासाहेबांचा फोटो. तो म्हणायचा, “पिच्चरमधल्या हमालाला साहेबानं बोलावलं. आम्ही अडीच लाख रस्त्यावर होतो, आम्हाला कोणी बोलावलं नाही.”

कोणी म्हणेल, अरे बाबा, सिनेमा आहे. तीन तासांत संघटना कशी दाखवणार? तिकीट नायकाच्या नावावर विकलं जातं. ठीक आहे. मग २०१८ चा पा. रंजित यांचा ‘काला’ बघा. तोही रजनीकांतचाच सिनेमा, मारामाऱ्या आहेत, गाणी आहेत. पण धारावीची वस्ती त्यात शेवटपर्यंत राहते, आणि नायक जातो तेव्हा वस्ती लढायची थांबत नाही. नागराज मंजुळेंच्या ‘फँड्री’त (२०१३) जब्या शेवटी दगड भिरकावतो, तो पीटरला लागत नाही, बघणाऱ्याला लागतो. तेव्हा दाखवता येतं. सलीम-जावेदना हुशारी कमी होती असं नाही. ते ज्या ठिकाणी उभे होते तिथनं हमाल दिसत होते, हमालांची घरं दिसत नव्हती.

आता मला एक गोष्ट कबूल करायची आहे. दोन वर्षांपूर्वी आमच्या खात्यात कंत्राटदाराचा माणूस पगारातनं पैसे कापायचा. कशाचे कापले विचारलं तर शिव्या. एका रात्री आमच्यातल्या एका पोरानं त्याच्या कानाखाली वाजवली. अगदी विजयसारखी. आम्ही तीसजण मशिनी सोडून गोळा झालो. शिट्ट्या मारल्या. मी सगळ्यात मोठ्यानं मारली. सकाळी गेटवर त्या पोराला आत घेतलं नाही. आम्ही तीसजणांनी काय केलं? हजेरी लावली आणि आत गेलो. तो गेटबाहेर डबा हातात घेऊन उभा होता, आमच्याकडं बघत. पुढच्या पगाराला पैसे पुन्हा कापले गेले.

त्या दिवशी मला गोदामाबाहेरचे हमाल कोण ते कळलं. आम्हीच ते. पटकथेनं आम्हाला तेवढंच काम दिलेलं होतं आणि आम्ही ते चोख केलं. त्या पोराला विजय व्हायला कोणी शिकवलं हे मी विचारत नाही. आम्हाला घोळका व्हायला कोणी शिकवलं, हे विचारतो. त्या रात्री तीसजणांपैकी दहाजण जरी गेटवर त्याच्या बाजूला थांबले असते तर काय झालं असतं, मला माहीत नाही. पण आम्ही थांबलो नाही हे मला माहीत आहे.

आता सुरुवातीला सांगितलं तिथं परत येतो. पोस्टरवर नाव रंगवणारे सलीम-जावेद. जावेद अख्तर २०१० ते २०१६ राज्यसभेत होते. सिनेमासाठी लिहिणाऱ्याचा आणि संगीतकाराचा रॉयल्टीवरचा हक्क निर्माता एका सहीनं हिरावून घ्यायचा, त्याविरुद्ध ते तिथं बोलले, आणि २०१२ साली कॉपीराइट कायद्यात दुरुस्ती झाली. आता रॉयल्टीचा तो हक्क लेखकाकडनं लिहून घेता येत नाही. बघा, आनंदबाबूचं सगळं दुःख एका जबरदस्तीच्या सहीचं होतं. ती सही रद्द कशी करायची हे ‘दीवार’च्या पटकथेला सुचलं नाही. तिच्या लेखकाला मात्र पुढच्या आयुष्यात सुचलं. कसं? कायदा करून. स्वतःसाठीच नाही, आपल्या धंद्यातल्या सगळ्यांसाठी, ज्यांचं नाव कधी पोस्टरवर येणार नाही त्यांच्यासाठीही. ह्यात एकही ठोसा नाही आणि हे टिकणारं आहे.

म्हणून त्या पोराला माझं सांगणं एवढंच. राग सोडू नको. विजयचा राग खरा आहे, आणि तो इतका खरा लिहिला म्हणूनच मी हे सगळं लिहीत बसलो, नाहीतर कोण कष्ट घेतं? पण सलीम-जावेदकडनं शिकायचं असेल तर विजय शिकू नको. त्यांनी स्वतः कामाचं नाव कसं मिळवलं, दाम कसा मागितला, आणि शेवटी कायदा कसा बदलला, ते शीक.

आणि एक सूचना. पुढच्या अभ्यासवर्गात आपण ‘दीवार’ लावू. कोणाच्या तरी घरचा टीव्ही आणू. गोदामाचं दार उघडून विजय बाहेर येतो तिथं पिक्चर थांबवू आणि प्रत्येकानं उठून सांगायचं, दुसऱ्या दिवशी सकाळी गोदीत काय झालं. विजयचं सांगायचं नाही. हमालांचं. आमच्या खात्यातल्या त्या पोरालाही मी बोलावणार आहे. तो सध्या बांधकामावर आहे. येईल का माहीत नाही, पण जाऊन विचारणार आहे.